पहिलं हसू

हसणं ही कोणाची नोकरी असू शकते, हे घरी सांगायला तिची जीभ रेटत नसे. ‘टीव्हीच्या एका कार्यक्रमात प्रेक्षकांची व्यवस्था बघते,’ एवढंच तिनं वडिलांना सांगून ठेवलं होतं. ते अगदीच खोटं नव्हतं. प्रेक्षकांना हसता यावं, ही व्यवस्था तीच तर करायची.

‘चालायचंच’ नावाचा तो कार्यक्रम. रोजच्या जगण्यातला वेडेपणा पकडून त्याची छोटी छोटी प्रहसनं करायची, असा त्याचा साचा. सही जुळत नाही म्हणून बँकेत स्वतःच स्वतःची ओळख पटवत उभा राहिलेला माणूस. जिन्यातली कुंडी डावीकडे ठेवावी की उजवीकडे, यावर तीन तास सभा भरवणारे शेजारी. लिफ्टमध्ये शेजारणीकडे बघावं की आकड्यांकडे हे ठरेना, म्हणून सात मजले चढून जाणारी बाई. लोक हसून हसून बेजार व्हायचे, पण ते घरी बसून. स्टुडिओत आणून बसवलेली दीडशे माणसं मात्र आधी एकमेकांच्या तोंडाकडे बघायची. आपण हसलो आणि बाकीचे गप्पच राहिले तर? या धास्तीनं भली भली माणसं ओठ दाबून बसतात. म्हणून सहाव्या ओळीत, कडेच्या खुर्चीवर तिची जागा होती. विनोद पडला की अर्ध्या श्वासात तिनं हसायचं. तिनं दार उघडलं की बाकीचे हसत हसत आत शिरायचे.

तिथं तिला कोणी नावानं हाक मारत नसे. सगळे ‘सुरुवात’ म्हणत. “सुरुवात बसली का?” असं दिग्दर्शक वरच्या काचेच्या खोलीतून विचारायचा, आणि खाली सेटवरची सगळी धावपळ सांभाळणारी फ्लोअरबाई अंगठा उंच करायची. मग दिवे लागायचे.

हे हसू तिला कमवावं लागलं नव्हतं. लहानपणापासून ती तशीच हसायची, स्वच्छ, घागर पालथी झाल्यासारखी. आई डोळे वटारायची, “मुलीच्या जातीनं एवढं मोठ्यानं?” पण नाना, म्हणजे वडील, पेपर खाली ठेवून म्हणायचे, “लागली बघ लाईन!”

नाना टेलिफोन एक्स्चेंजमध्ये ऑपरेटर होते. बत्तीस वर्षं कानाला यंत्र लावून त्यांनी लोकांच्या लाईनी जोडून दिल्या. यंत्राचा पट्टा डोक्यावरून जाऊन जाऊन टाळूवर एक आडवी खाच पडली होती, तिथं केस पुन्हा कधी नीट उगवलेच नाहीत. आई गेली तेव्हापासून बापलेक दोघंच राहत होते. तिचं लग्न झालं नाही. का झालं नाही, हे विचारणारीही माणसं आता उरली नव्हती.

रोज सकाळी अंघोळ झाली की ती हात जोडून एवढंच म्हणायची, ‘आज माझ्या तोंडून कोणाचं मन दुखायला नको.’ मोठी व्रतं तिला झेपत नसत. हा एक नेम मात्र वीस वर्षं मोडला नव्हता. निदान तिचा तसा समज होता.

लोभ म्हणावा असा एकच होता तिला. लेखकांच्या टेबलाजवळची एक खुर्ची.

ते टेबल तिच्या जाण्यायेण्याच्या वाटेवरच होतं. सोमवारी सकाळी मुख्य लेखक, त्यांना सगळे मास्तर म्हणत, पेन्सिलीनं टेबलावर ठकठक करून विचारायचे, “घरचं काय?” ही तिथली रीतच होती. आठवड्यात आपल्या घरात घडलेलं एक खरंखुरं वेड प्रत्येकानं टेबलावर ठेवायचं, बायकोचं असो, सासऱ्याचं असो की स्वतःचं. ज्याचं वेड सगळ्यांत पुढे त्याचं प्रहसन. दुसऱ्यांनी लिहिलेल्यावर बारा वर्षं हसून झालं होतं. आपणही काही सांगावं आणि दुसऱ्या कोणी हसावं, असं तिला फार वाटायचं.

त्या सोमवारी टेबल कोरडं ठणठणीत होतं, कोणाकडेच सांगण्यासारखं काही नव्हतं. ती कप घेऊन बाजूनं चालली होती.

“काय सुरुवातताई,” मास्तर थट्टेनं म्हणाले, “तुमच्या घरी सगळे शहाणेच वाटतं?”

“आमच्याकडे तसं काही नाही,” ती म्हणाली, “पण शेजारी एक आजोबा आहेत.”

शेजारी कोणीही आजोबा नव्हते. शेजारी एक शिलाईचं दुकान होतं.

“बोला ना, बसा.” कोणीतरी खुर्ची पुढे सरकवली. ती बसली आणि सांगू लागली. त्या आजोबांना डोळ्यांच्या दवाखान्यात वेळ घ्यायला फोन करावा लागतो. तिकडून ध्वनिमुद्रित बाई बोलते, तुमचा फोन आमच्यासाठी महत्त्वाचा आहे. आजोबा म्हणतात, “तुमचंही काम महत्त्वाचंच आहे हो ताई.” ती म्हणते, एक दाबा. आजोबा म्हणतात, “दाबतो. हे बघा, दाबला.” ती म्हणते, कृपया थांबा. आजोबा म्हणतात, “थांबतो हो, सावकाश. आहे मी, लाईनवरच आहे.” मध्येच दूध वर आलं तर रिसीव्हरवर हात ठेवून तिची परवानगी काढतात. आणि शेवटी, “आधी तुम्ही ठेवा,” म्हणून वाट बघत बसतात.

टेबल हसलं. अगदी मनापासून, तिनं सुरुवात करून न देता हसलं. एका लेखिकेनं तर चष्मा काढून डोळे पुसले.

“त्यांना कळतच नाही ना, की ते यंत्र आहे?” मास्तरांनी विचारलं.

खरं म्हणजे नानांना तिनं हे कधी विचारलंच नव्हतं.

“नाही,” ती म्हणाली. “बिचारे.”

तो ‘बिचारे’ तिला नंतर फार दिवस आठवत राहिला.

प्रहसन लिहून झालं. नाव ठेवलं, ‘आधी तुम्ही ठेवा’. शेवटी नावांच्या पाट्या सरकतात तिथं ‘कल्पना’ म्हणून तिचं नाव द्यायचंही ठरलं, आणि मास्तरांनी जाता जाता सांगितलं, “आणखी दोन-चार अशी आणलीत, तर ही खुर्ची तुमचीच.” चित्रीकरण पुढच्या महिन्याच्या पहिल्या गुरुवारी होतं.

त्याआधी कार्यक्रमाचा पाचशेवा भाग आला. त्या शनिवारच्या चित्रीकरणासाठी, कार्यक्रमात काम करणाऱ्या प्रत्येकाला घरच्यांसाठी दोन पास दिले होते. नानांनी इस्त्रीचा सदरा घातला, बूट स्वतः पुसले.

“मी कुठं बसू? तुझ्याजवळ?”

“नाही नाना, मला उठबस असते. तुम्ही पुढे बसा, तिसऱ्या ओळीत. छान दिसतं तिथून.”

“आणि तू व्यवस्था बघणार.”

“हो.”

“मी काही गडबड करणार नाही हो,” नाना म्हणाले, जणू तिच्या शाळेतच निघाले होते.

सहाव्या ओळीतून तिला त्यांची पाठ दिसत होती, आणि टाळूवरची ती आडवी खाच. पहिली दोन प्रहसनं उत्तम गेली. ती हसली, सभागृह हसलं, आणि तिसऱ्या ओळीतलं ते डोकं किंचित वळून आवाजाचा माग घेताना तिला दिसलं. बत्तीस वर्षं नुसत्या आवाजांवर जगलेला माणूस! लेकीचं हसू गर्दीतून वेगळं काढायला त्याला कितीसा वेळ लागणार? ती मनाशी म्हणाली, असू दे, हसण्यात काय वाईट आहे.

तिसरं प्रहसन वकिलांचं होतं. पण वकील होणाऱ्या नटीचा आवाज ऐनवेळी बसला. वर काचेच्या खोलीत काय ठरलं ते खाली कोणाला कळलं नाही. पडदा सरकला तेव्हा रंगमंचावर एक स्टूल होतं, स्टुलावर फोन, आणि फोनसमोर खुर्चीत गळ्याभोवती मफलर गुंडाळलेला, म्हाताऱ्याचं सोंग घेतलेला नट.

हे आज नव्हतं. हे गुरुवारी होतं.

“तुमचा फोन आमच्यासाठी महत्त्वाचा आहे,” वरच्या कर्ण्यातून बाई बोलली.

नटानं खुर्चीत सावरून बसत मफलर नीट केला. “तुमचंही काम महत्त्वाचंच आहे हो, ताई.”

इथं तिनं हसायचं होतं. गुरुवारसाठीच्या कागदावर तसं आधीच लाल पेन्सिलीनं लिहिलं होतं. पण तिचे डोळे त्या आडव्या खाचेवर खिळले. ते डोकं हललं नाही. अजिबात हललं नाही.

दीडशे माणसं गप्प. नट क्षणभर थांबला, पुढचं वाक्य बोलला. तरी गप्प. कोणाची तरी खुर्ची करकरली. दिवे पिवळे झाले. “थांबवा,” वरून आवाज आला. “सुरुवात झोपली काय?”

फ्लोअरबाई वाकून वाकून तिच्यापाशी आली. “ताई, बरं वाटत नाहीये का? पाणी देऊ?”

इथं तिला एक वाक्य बोलता आलं असतं. ‘ते पुढे बसलेत ते माझे वडील आहेत.’ एवढंच. फ्लोअरबाई भली होती, तिनं नक्की काहीतरी केलं असतं. कोणी जीवावर उठलं नव्हतं, नोकरी जाणार नव्हती. जाणार होती ती फक्त खुर्ची, आणि शेजारच्या आजोबांचं बिंग फुटणार होतं.

“नाही,” ती म्हणाली, “लक्ष नव्हतं. करा परत.”

दिवे परत लागले. कर्ण्यातली बाई परत बोलली. नटानं मफलर परत नीट केला. “तुमचंही काम महत्त्वाचंच आहे हो, ताई.”

आणि ती हसली. स्वच्छ, मोकळं, घागर पालथी झाल्यासारखं. पहिल्यांदा हसू आलं नव्हतं, ते तिच्या हातात नव्हतं. या वेळचं हसू तिनं स्वतः काढलं, आणि ते इतकं बेमालूम निघालं की तिचं तिलाच नवल वाटलं.

त्यानंतर एक क्षण शांतता होती. मग दुसरं हसू आलं, जरा घोगरं, जरा उशिरा, तिसऱ्या ओळीतून. नाना हसले. लेक एकटी पडली असं त्यांना वाटलं असावं. तिच्या मागे कोणी नाही म्हणून ते धावून आले, लहानपणी शाळेच्या कार्यक्रमात ती ओळ विसरली तेव्हा सगळ्यांत आधी टाळी वाजवून आले होते तसे. आणि मग सगळं सभागृह हसलं.

पुढची आठ मिनिटं ती दर ओळीला हसत राहिली. ‘आहे मी, लाईनवरच आहे.’ हसली. दुधाचं भांडं. हसली. नाना दर वेळी तिच्यामागून, थोडे उशिरा. ‘आधी तुम्ही ठेवा’ला टाळ्यांचा कडकडाट झाला. शेवटी पाट्या सरकल्या, मोठ्या पडद्यावर तिचं नाव आलं, आणि टाळ्या वाजवणाऱ्या हातांत नानांचेही हात होते.

घरी दोघं चालतच आले. अंतर फार नव्हतं.

“नट चांगला होता,” नाना म्हणाले.

“हो.”

“तुझं नाव पण आलं. मोठ्या अक्षरात.”

तिनं चालण्याचा वेग वाढवला.

“एक जरा चुकलं त्यांचं.” नाना रस्त्याकडे बघून बोलत होते. “त्या माणसाला ते यंत्र आहे हे ठाऊक नाही, असं दाखवलंय. ठाऊक असणार की. एवढं न कळायला काय झालं?”

“मग तो बोलतो कशाला?” तिनं विचारलं. दोघंही ‘तो माणूस’ म्हणत होते. निम्मी लाज त्या दोन शब्दांमागे लपत होती.

“आता मी काय सांगू? असेल एखाद्याला सवय.” थोडं चालून झाल्यावर म्हणाले, “यंत्र झालं तरी आवाज कोणाचा तरी असतो ना. कोणीतरी बाई एका बंद खोलीत बसून बोललीच असेल ते. आम्ही दिवसाला दोनशेदा ‘कृपया थांबा’ म्हणायचो. पलीकडून ‘थांबतो हो, सावकाश’ म्हणणारी माणसं बत्तीस वर्षांत मोजकीच भेटली, ती मला अजून आठवतात. त्यावरून काय ते समज.”

आताच सांगावं, असं तिला वाटलं. आता, त्या दिव्याच्या खांबापर्यंत. खांब मागे पडला. मग पुढच्या खांबापर्यंत. मग घर आलं.

“हसलीस छान,” नाना कुलूप काढताना म्हणाले. लाईन लागली, असं काही म्हणाले नाहीत.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती हात जोडून उभी राहिली तेव्हा तिला नेमाचे शब्द जुळवता येईनात. ‘माझ्या तोंडून कोणाचं मन दुखायला नको.’ तोंडून ती एक शब्दही वावगा बोलली नव्हती. ती फक्त हसली होती. नेमात हसण्याचा उल्लेख नव्हता. अशी पळवाट आपल्याला देवासमोर उभं राहून सुचते, याचीच तिला जास्त लाज वाटली. ती नेम पुरा न करताच वळली.

सोमवारी टेबलाजवळ खुर्ची तयार होती. तिच्यासमोर नवी वही, नवी पेन्सिल. प्रहसन शनिवारचं सगळ्यांत मोठं यश ठरलं होतं. त्या आजोबांना दर आठवड्याला आणायचं, असं वरून सांगणं आलं होतं.

“घरचं काय?” मास्तरांनी ठकठक केली आणि तिच्याकडेच वळले. “म्हणजे तुमच्या शेजारचं! आणखी काय काय करतात हो ते? यंत्रांशीच बोलतात की भांड्यांशी पण?”

सगळे पेन्सिली सरसावून तिच्याकडे बघत होते. आणखी पुष्कळ होतं. नाना झोपायच्या आधी घड्याळाला ‘निघू का?’ विचारतात. दारावरची घंटा वाजवणारा निघून गेला तर जिन्यात डोकावून रिकाम्या जिन्याची माफी मागतात. सांगितलं असतं तर वर्षभर पुरलं असतं.

“ते शेजारचे नाहीत,” ती म्हणाली. “माझे वडील आहेत. शनिवारी तिसऱ्या ओळीत बसले होते. आणि त्यांना ठाऊक आहे की ते यंत्र आहे.”

तिला वाटलं होतं, टेबल गप्प होईल. झालंही, एक श्वासभर. चष्मेवाल्या लेखिकेनं हळूच मान खाली घातली. पण मास्तरांचे डोळे चमकले.

“म्हणजे बाप समोर, आणि मुलगीच आधी हसते?” ते वहीकडे झुकले. “अरे, हे तर त्याहून झकास आहे! ताई, परत एकदा सांगा. पहिल्या वेळी तुम्ही का हसला नाहीत? तिथूनच उचलू.”

पेन्सिल कागदावर चालू लागली होती. मास्तर दुष्ट नव्हते. इथं टेबलावर ठेवलेली वस्तू उचलायची असते, एवढंच त्यांना ठाऊक होतं. ठेवायला तीच तर पहिल्यांदा आली होती.

“नका लिहू,” ती म्हणाली.

“अहो, नावं बदलतो ना!”

“नका लिहू हो, मास्तर. मी हात जोडते. आणि ते आजोबा दर आठवड्याला आणायचे असतील, तर सहाव्या ओळीत दुसरं कोणी बसवा.”

मास्तरांची पेन्सिल थांबली. पुढे ते लिहिणार होते की नाही, हे तिला विचारायचा धीर झाला नाही. ती उठली, खुर्ची टेबलाखाली सारली, वही तिथंच राहिली.

दुपारीच घरी आली तेव्हा नाना फोनपाशी बसले होते. दवाखान्याची तारीख पुढे ढकलायची होती. फोनवरचं ऐकायला कमी येतं म्हणून रिसीव्हरचा आवाज मोठा केलेला.

“तुमचा फोन आमच्यासाठी महत्त्वाचा आहे,” बाई म्हणाली.

नाना काही बोलले नाहीत.

“मराठीसाठी एक दाबा.”

नानांनी एक दाबला. बोट उचललं आणि मांडीवर ठेवलं. शाळेत शिक्षा झालेल्या मुलासारखे ते ताठ बसले होते. यंत्र थांबायचं, ते दाबायचे. यंत्र थांबायचं, ते दाबायचे. घरात इतकी शांतता तिनं आई गेली त्या दिवशीही ऐकली नव्हती.

“कृपया थांबा,” बाई म्हणाली.

ती पायातल्या चपलांसकट त्यांच्यापाशी जाऊन जमिनीवर बसली. “नाना, ते मी सांगितलं होतं त्यांना,” ती म्हणाली. “शेजारचे आजोबा म्हणून सांगितलं. तुम्ही म्हणून सांगायचा धीर झाला नाही.”

“कळलं होतं मला,” नाना म्हणाले. “दूध वर आलेलं आपल्याच घरात.”

“आणि हसले पण मीच.”

“ते तर मी ओळखलंच.”

फोनमध्ये एक सूर वाजत राहिला, पुन्हा पुन्हा तोच. तिनं रिसीव्हरकडे तोंड नेलं.

“थांबतो हो, ताई. सावकाश. आहोत आम्ही, लाईनवरच आहोत.”

नानांनी तिच्याकडे बघितलं नाही. ते खिडकीकडे बघत राहिले आणि हलक्या आवाजात, समजूत घालावी तसे म्हणाले, “रेकॉर्ड आहे गं ते. त्याला काय कळणार.”

ती तिथंच बसून राहिली. सूर वाजत होता. नानांनी रिसीव्हर कानापासून काढून दोघांच्या मध्ये, तिलाही ऐकू येईल असा धरला, आणि दोघंही पलीकडून कोणी बोलायची वाट बघत राहिली.